तळटीप : फॉसेटसाहेब
१. मजकुरातील ‘फॉसेटसाहेब’ म्हणजे हेन्री फॉसेट (१८३३–१८८४), लिबरल पक्षाचे ब्रिटिश राजकारणी व अर्थशास्त्रज्ञ. १८५८ मध्ये शिकारीच्या वेळी वडिलांच्या बंदुकीचे छरे लागून त्यांची दृष्टी गेली. तरीही १८६३ मध्ये ते केंब्रिजला अर्थशास्त्राचे प्राध्यापक झाले. ब्रायटन व पुढे हॅक्नी येथून ते पार्लमेंटवर निवडून आले. तुर्की सुलतानाच्या लंडनमधील मेजवानीचा खर्च हिंदुस्थानच्या तिजोरीतून करण्यास त्यांनी कडाडून विरोध केला. एकाही हिंदी मतदाराचे मत मिळणार नसताना त्यांनी हिंदी रयतेची बाजू लावून धरली, म्हणूनच ते ‘हिंदुस्थानचे सभासद’ ठरले. पोस्टमास्तर जनरल (१८८०–८४) असताना त्यांनी पार्सल टपाल सुरू केले. स्त्री-मताधिकार चळवळीच्या नेत्या मिलिसेंट फॉसेट या त्यांच्या पत्नी. – संपा.