दिनविशेष : १७ ऑक्टोबर – ३१ क्लबांचा आब्रेउ

उरुग्वेचा आघाडीचा फुटबॉलपटू सेबास्टियन आब्रेउ याचा जन्म १९७६ साली आजच्या दिवशी मिनास गावी झाला. डिफेन्सोर क्लबपासून सुरू झालेली भटकंती २०२१मध्ये थांबली, तोवर ११ देशांतले ३१ क्लब पालथे घालून झाले होते. स्पेन, मेक्सिको, इस्रायल, ग्रीस... गडी कुठे फार रमलाच नाही. २०१७च्या अखेरीस चिलीत २६वा क्लब गाठून गिनीज विक्रमही केला.

लोकांच्या लक्षात मात्र आहे ती २ जुलै २०१०ची जोहान्सबर्गमधली रात्र. विश्वचषकाची उपांत्यपूर्व फेरी, समोर घाना, निर्णायक पेनल्टी. ‘लोको’ म्हणजे वेडा हे टोपणनाव त्याने त्या रात्री सार्थ केलं. गोलरक्षक किंग्सनने बाजूला झेप घेतली आणि आब्रेउने अलगद उचललेला चेंडू मधोमध जाळीत विसावला. उरुग्वे ४० वर्षांनी उपांत्य फेरीत!