घोळीची कच्ची कोशिंबीर आणि वर्ध्यातला एक जुना प्रयोग

"डॉक्टर, सॅलड खा म्हणता, पण आमच्याकडे काकडी-टोमॅटोशिवाय मिळतं काय?" महाड-पोलादपूर भागातल्या रुग्णांचा हा प्रश्न अगदी रास्त आहे. मासिकांत रंगीत फोटोंसह छापलेले लेट्यूस आपल्या बाजारात क्वचित दिसते, आणि दिसले तर महाग असते. पण पहिला पाऊस पडून गेल्यावर घराच्या कडेला, बांधावर, खताच्या ढिगाजवळ नीट पाहा. जमिनीला चिकटून पसरलेली, लालसर मांसल देठांची आणि जाडसर, गुळगुळीत, चमच्याच्या आकाराच्या बारीक पानांची एक वनस्पती दिसेल. तिला पिवळे इवलेसे फूल येते. तीच घोळ. आपण तिची परतून भाजी करतो, ताकात शिजवतो किंवा तण म्हणून उपटून फेकतो. जगाच्या बऱ्याच भागांत मात्र ती कच्ची खाल्ली जाते. आज तिच्याविषयी लिहितो, कारण तिचा इतिहास पाहिला की पालेभाजीकडून काय अपेक्षा ठेवावी आणि काय ठेवू नये, हे चांगले कळते.

आधी नाव. संस्कृतात हिला लोणी म्हणतात. दुधातल्या लोण्याशी या नावाचा संबंध नाही, तो आहे लवणाशी, म्हणजे मिठाशी. पान चावून पाहिलेत तर आंबट-खारट चव लगेच कळेल. सोळाव्या शतकातल्या भावप्रकाशात लहान ती लोणी आणि मोठी ती घोटिका असे दोन प्रकार सांगितले आहेत. आपल्याकडेही तसेच आहे: मोठ्या पानांची ती घोळ आणि अगदी बारीक पानांची ती चिवळ किंवा चिघळ. चिवळीची भाजी विदर्भात उन्हाळ्यात आवडीने खातात.

युरोपातही ही वनस्पती जुनी. रोमन लेखक प्लिनी याने पहिल्या शतकात तिचे बरेच औषधी उपयोग लिहून ठेवले. त्यातच एक किस्सा आहे. स्पेनमधला एक बडा गृहस्थ पडजिभेच्या असह्य दुखण्यावर उपाय म्हणून घोळीचे मूळ दोऱ्यात ओवून गळ्यात घालत असे आणि फक्त अंघोळीला काढत असे. औषध म्हणून एखादी वनस्पती प्रसिद्ध झाली की लोक ती खायची सोडून गळ्यात बांधू लागतात, ही सवय आजची नाही! तिकडे लेबनॉन-सीरियाकडे मात्र लोक ती काकडी, कांदा आणि भाजलेल्या रोटीच्या तुकड्यांत मिसळून खात आले आहेत. 1770 मध्ये कॅप्टन कूकच्या जहाजावरची माणसे ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावर अडकली तेव्हा त्यांनीही तिथली घोळ खाल्ली. लांबच्या सफरीत ताजा पाला नाही मिळाला तर हिरड्यांतून रक्त येते आणि जुन्या जखमा पुन्हा उघडतात, हे खलाशांना अनुभवाने ठाऊक होते. या आजाराला स्कर्व्ही म्हणतात. तो 'क' जीवनसत्त्वाच्या अभावाने होतो हे कळायला पुढे दीडशेहून अधिक वर्षे जावी लागली.

आता आपल्या महाराष्ट्रातली गोष्ट, आणि या लेखाचे खरे कारण.

1934 च्या डिसेंबरात अखिल भारत ग्रामोद्योग संघ स्थापन झाला. जे. सी. कुमारप्पा त्याचे चिटणीस. संघाचे काम वर्ध्याच्या मगनवाडीत सुरू झाले आणि 1935 मध्ये गांधीजी तिथेच राहत होते. हातसडीचा तांदूळ, गूळ, घाणीचे तेल यांचा विचार तिथे चाले, तसाच पालेभाज्यांचाही. काळही तसाच होता. जीवनसत्त्वांचा शोध नुकता लागला होता. 'क' जीवनसत्त्व म्हणजे नेमके कोणते रसायन, हे 1932 मध्ये कळले आणि त्याबद्दल सेंट-ग्यॉर्गी यांना 1937 मध्ये नोबेल मिळाले. रोज थोडा कच्चा पाला खावा, असे आहारावरची नवी पुस्तके सांगू लागली होती. गांधीजींनी ती वाचली आणि त्यांना प्रश्न पडला तो पैशाचा. काही महिने ते कच्चा पाला खात होते, पण एवढ्याशा पाल्यासाठी वर्ध्याच्या बाजारावर अवलंबून राहावे हे त्यांना पटेना. तेव्हा आश्रमातल्या छोटेलालजींनी गवतात आपोआप उगवलेला एक पाला त्यांना आणून दिला. तो होता लुनी, म्हणजे आपली घोळ. तो त्यांना मानवला. नंतर चाकवत आला, तोही मानवला.

यापुढचे मला डॉक्टर म्हणून सर्वांत महत्त्वाचे वाटते. स्वतःला मानवले म्हणून त्यांनी लगेच ते लोकांना सांगितले नाही. 'हरिजन' साप्ताहिकात शिफारस करण्याआधी त्यांनी या रानपाल्याची वनस्पतिशास्त्रीय ओळख पटवून घेतली. व्हॉट्सॲपवर पानाचा फोटो पाहून काढा उकळणाऱ्या आपल्या काळाने एवढे जरी घेतले तरी पुष्कळ झाले.

त्यांना हा धडा आधी मिळाला होता, असे म्हणायला जागा आहे. 1929 मध्ये त्यांनी सगळेच अन्न कच्चे खाण्याचा प्रयोग केला होता. आव झाली आणि प्रयोग थांबवावा लागला. पुढच्या लिखाणात पाला पुन्हा पुन्हा धुवून घेण्यावर त्यांचा भर दिसतो.

कुन्नूरच्या प्रयोगशाळेने 1937 मध्ये भारतीय अन्नपदार्थांच्या पोषणमूल्यांची पुस्तिका काढली. तीच प्रयोगशाळा पुढे हैदराबादला गेली आणि आजची राष्ट्रीय पोषण संस्था झाली. घोळ मात्र पुन्हा चर्चेत आली ती अमेरिकेतून. 1986 मध्ये सिमोपोलस आणि सालेम या संशोधकांनी तिच्यात ओमेगा-3 स्निग्धाम्ल असल्याचे एका वैद्यकीय नियतकालिकात कळवले. 1992 च्या मोजणीत 100 ग्रॅम ताज्या पानांत 300 ते 400 मिलिग्रॅम ओमेगा-3 आणि सुमारे 27 मिलिग्रॅम 'क' जीवनसत्त्व आढळले. पालेभाजीच्या मानाने हे ओमेगा-3 चांगलेच म्हणायचे.

पण इथे थांबून विचार करा. घोळीतले ओमेगा-3 हे जवसातल्या जातीचे आहे. बांगड्यातले किंवा तारलीतले वेगळे. पानातल्याचे माशातल्यात रूपांतर आपले शरीर फार थोडे करते. म्हणून वाटीभर घोळ खाल्ली आणि हृदयाच्या गोळ्या बंद केल्या, असा हिशोब कृपा करून मांडू नका. रक्त कमी असलेल्या भगिनींनाही हेच सांगेन. घोळीत लोह आहे, पण पाल्यातले लोह अंगी कमी लागते आणि घोळीतले ऑक्सॅलेट त्यात आणखी अडथळा आणते. हिमोग्लोबिन 7 असेल तर पालेभाजी खा, पण लोहाच्या गोळ्याही घ्याच.

मग कच्ची खायची कशाला? 'क' जीवनसत्त्व शिजवल्यावर बरेचसे नाहीसे होते, हे एक कारण. दुसरे असे की आषाढात घाट बंद होतात, वरून भाजीचा ट्रक येत नाही, आणि आठ-आठ दिवस जेवणात कांदा-बटाटा आणि सुके बोंबील एवढेच उरते. अशा दिवसांत अंगणातला ताजा पाला मोलाचा असतो.

पावसाळा म्हटला की या भागात 22 जुलै 2021 आठवतोच. त्या दिवशी तळीयेवर डोंगर कोसळला आणि ऐंशीहून अधिक माणसे गेली. त्याच पावसात सावित्री आणि गांधारीचे पाणी महाड शहरात शिरले. तळीयेतली वाचलेली कुटुंबे तात्पुरत्या कंटेनरच्या घरांत राहायला गेली. घर बांधून देता येते. मात्र कुठल्या बांधावर कुठला पाला कधी येतो, हे सासूकडून सुनेकडे गेलेले ज्ञान त्या जागेला धरून असते. गाव हलले की ते दोन-तीन वर्षांत विसरायला होते. तुमच्या घरात कुणी आजी असेल तर या पावसात तिच्याबरोबर एकदा बांधावर जा आणि ओळख करून घ्या. पुस्तकापेक्षा तिची नजर जास्त भरवशाची.

ओळखीची एक खूण मीही सांगतो. देठ मोडून पाहा. घोळीच्या देठातून पाण्यासारखा रस येतो. पांढरा चीक आला तर ती घोळ नव्हे, नायटीच्या जातीचे काहीतरी आहे. ते टाकून द्या आणि हात धुवा. शंका असेल तर खाऊच नका.

पुराचे पाणी फिरलेल्या जागेतला पाला त्या मोसमात कच्चा खायचा नाही, हे अगदी पक्के. त्या गाळात मैला मिसळलेला असतो, टायफॉइड, कावीळ आणि आवेचे जंतू त्यातूनच येतात. उंदरांच्या मुतामुळे लेप्टोची भीती असते ती वेगळीच, म्हणून तिथे अनवाणी जाऊही नका. रस्त्याकडेचा, गटाराजवळचा आणि तणनाशक मारलेल्या शेतातलाही पाला नको.

आता कोशिंबीर. दोन मुठी कोवळे शेंडे घ्या, मुळे आणि जाड देठ काढा. चार-पाच वेळा भरपूर पाण्यात खळबळून घ्या, कारण पाने जमिनीलगत असल्याने माती फार असते. शेवटचे पाणी उकळून गार केलेले असू द्या. मिठाच्या पाण्यात घातल्याने किडे सुटतात, जंतू मरत नाहीत. पाणी निथळले की जाडसर चिरा. त्यात एक बारीक चिरलेला कांदा, अर्धी हिरवी मिरची, दोन चमचे ओले खोबरे किंवा दाण्याचे कूट आणि वाटीभर ताजे दही घाला. वरून चमचाभर तेलाची जिऱ्याची फोडणी. लिंबू लागत नाही. मीठ आधी घालू नका, चव घेऊन मग चिमूटभर घाला. रक्तदाब असणाऱ्यांना कदाचित तेवढेही लागणार नाही. आणखी एक गंमत: पाण्याचा ताण पडलेली घोळ रात्री पानांत आम्ल साठवते, म्हणून सकाळी खुडलेली जास्त आंबट लागते आणि संध्याकाळची कमी.

दही केवळ चवीसाठी नाही. घोळीत ऑक्सॅलेट भरपूर असते आणि तेच मूत्रपिंडात कॅल्शियमशी जुळून खडे बनवते. दह्यातले कॅल्शियम त्याला आधीच बांधून ठेवते आणि ते शौचावाटे निघून जाते. न्यूझीलंडच्या लिंकन विद्यापीठात 2009 मध्ये हे तपासले गेले. घोळीत दही मिसळल्यावर विरघळणाऱ्या ऑक्सॅलेटचे प्रमाण घटले. आपल्या आज्या घोळ ताकात शिजवत आल्या, त्यांना ऑक्सॅलेट हा शब्द माहीत असण्याची गरज पडली नाही.

तरीही ज्यांना मुतखडा होऊन गेला आहे त्यांनी ही कोशिंबीर टाळावी. मूत्रपिंडाचा आजार किंवा क्रिएटिनिन वाढलेले असेल तर अजिबात नको. 2023 मध्ये चीनमधल्या डॉक्टरांनी एका रुग्णाची नोंद छापली: खूप रानघोळ खाल्ल्यानंतर त्याच्या मूत्रपिंडात ऑक्सॅलेटचे स्फटिक साचले आणि काम बिघडले. घोळीत पोटॅशियमही बरेच आहे, ते डायलिसिसच्या रुग्णांना धोक्याचे. रक्त पातळ करणारी वॉरफेरिनची गोळी चालू असेल तर कोणताही हिरवा पाला एकदम वाढवू नका, आधी डॉक्टरांना विचारा. गरोदर स्त्रियांनी कच्ची न खाता ताकात शिजवून खावी. बाकीच्यांनी आठवड्यातून दोनदा, एका माणसाला एक वाटी, एवढीच घ्यावी. पिवळी फुले येऊन बी धरू लागले की देठ जून होतात. मग कच्ची खाण्यात मजा राहत नाही, तेव्हा ती डाळ घालून शिजवा.