मालदीवची पहारेदारी

ता. ३ नोव्हेंबर १९८८ रोजीं पहांटे हिंदी महासागरांतील माले या चिमुकल्या राजधानींत बंदुकांचे बार ऐकूं येऊं लागले. शहर जागें झालें तेव्हां रस्त्यांवर परके हत्यारबंद लोक फिरत होते. ते कोणा शत्रुराष्ट्राचे शिपाई नव्हते. श्रीलंकेंतील ‘प्लोट’ या तामिळ बंडखोर संघटनेचीं तीं सुमारें ८० माणसें होतीं, आणि त्यांना भाड्यानें आणणारा अब्दुल्ला लुथुफी हा मालदीवचाच एक व्यापारी होता. एका देशाचें सरकार उलथून टाकण्यास ८० माणसें पुरेशीं वाटावीं, ही गोष्ट मोठ्या राष्ट्रांत राहणारास एकाद्या कादंबरींतली वाटेल. परंतु ज्या राज्याजवळ रणगाडा नाहीं, लढाऊ विमान नाहीं, युद्धनौका नाहीं, त्याच्या दृष्टीनें ८० बंदुका हेंही मोठेंच सैन्य होय.

मालदीवचें हें दुबळेपण त्या पहांटेचें नव्हे; तें त्याच्या भूगोलांतच आहे. दक्षिणोत्तर ८०० किलोमीटरांहून लांब अशा समुद्रपट्ट्यांत पोंवळ्यांचीं सुमारें १,२०० बेटें विखुरलेलीं आहेत. त्यांपैकीं वस्तीचीं सुमारें २००. आणि सर्वांची जमीन एके ठिकाणीं आणली तरी ती ३०० चौरस किलोमीटरांच्या आसपासच भरेल. या भूमीची उंची समुद्रसपाटीहून दोन-अडीच मीटरांपलीकडे क्वचितच जाते. किल्ला बांधावा तर डोंगर नाहीं, माघार घ्यावी तर अरण्य नाहीं. १९८८ सालीं देशाची लोकसंख्या सुमारें २ लाख होती. राजधानीचें बेट तर असें कीं, चालूं लागलेला माणूस अर्ध्या घटकेंत दुसऱ्या किनाऱ्यास लागावा.

तरीही परक्यांची नजर या बेटांवरून कधीं हललीच नाहीं. त्याचें कारण प्रथम कवडी हें होतें. येथील उथळ पाण्यांत सांपडणारी कवडी शतकानुशतकें बंगालमध्यें नाण्यासारखी चालत असे, आणि तिच्या मोबदल्यांत तिकडून तांदूळ येई. कारण पोंवळ्याच्या भूमींत भात पिकत नाहीं. मराठींत ‘कवडीमोल’ म्हणजे क्षुल्लक. मालदीवच्या सुलतानास मात्र कवडी हीच टांकसाळ होती. दुसरें कारण अरबस्तानांतून पूर्वेकडे जाणाऱ्या गलबतांची वाट. सोळाव्या शतकांत पोर्तुगीजांनीं या वाटेवर हक्क सांगितला. सुलतान नववा हसन हा बेटें सोडून कोचीनला गेला व तेथें ख्रिस्ती झाला. त्याचे वंशज पुढें गोव्यांत राहून मालदीवचे राजे हा किताब मिरवीत राहिले. राज्य गेलें तरी किताब उरतो, याचें याहून खेदकारक उदाहरण विरळा! १५५८ सालीं पोर्तुगीजांनीं माले घेतलें. मोहम्मद ठाकुरुफानु नांवाच्या वीरानें एका लहानशा नौकेंतून रात्रीं बेटांमागून बेटांवर छापे घालून १५७३ सालीं त्यांना हांकून लाविलें. त्या विजयाचा दिवस मालदीवांत राष्ट्रीय दिन म्हणून पाळला जातो.

या पराक्रमास एक पुरवणी आहे, आणि मालदीवच्या पुढील इतिहासाची किल्ली तिच्यांतच सांपडते. ठाकुरुफानुस मलबार किनाऱ्यावरील कण्णूरच्या अली राजाचें साह्य झालें, अशी परंपरा आहे. त्याच घराण्याच्या लोकांनीं १७५२ सालीं मालेवर झडप घालून सुलतानास कैद करून नेलें. एका पिढीचा साह्यकर्ता कांहीं पिढ्यांनीं स्वारी करणारा झाला. मालेच्या लोकांनीं थोडक्याच महिन्यांत हेही पाहुणे घालवून दिले. पण दारावर पहारेकरी तर हवा आणि तो घरांत तर शिरूं नये, हा पेंच तेव्हांपासून कायमचा झाला.

इंग्रजांनीं हा पेंच आपल्या परीनें सोडविला. १८८७ सालच्या करारान्वयें मालदीव हें संरक्षित राज्य झालें: परराष्ट्रव्यवहार व संरक्षण इंग्रजांकडे, घरचा कारभार सुलतानाकडे. सत्तर वर्षें हा संसार बराच शांततेनें चालला. मात्र दुसऱ्या महायुद्धांत अगदीं दक्षिणेच्या अड्डू बेटसमूहांत इंग्रजी आरमारानें गुप्त तळ केला, आणि पुढें तेथील गान बेटावर विमानतळ आला. १९५६ सालीं तो शंभर वर्षांच्या पट्ट्यानें मिळावा असें ठरलें होतें. १९५७ मध्यें पंतप्रधान झालेल्या इब्राहिम नासिर यांनीं हा पट्टा फार लांब व भाडें फार थोडें म्हणून हरकत घेतली. इकडे तळावर रोजगार मिळविणाऱ्या दक्षिणेकडील लोकांस मालेचे कर व निर्बंध जाचूं लागले होतेच. ३ जानेवारी १९५९ रोजीं त्यांनीं अब्दुल्ला अफीफ यांच्या नेतृत्वाखालीं ‘सुवदीव’ नांवाचें निराळें प्रजासत्ताक जाहीर केलें. एवढ्याशा देशाचाही तुकडा पडूं पाहत होता! इंग्रज आरंभीं या बंडाकडे काणाडोळा करीत होते; १९६० सालीं नासिर यांच्याशीं भाड्याचा नवा करार होतांच त्यांची गरज संपली. १९६३ सालीं तें प्रजासत्ताक मावळलें, आणि अफीफ यांना इंग्रजी जहाजांतून सेशेल्सला जावें लागलें. परक्या तळाच्या सावलींत राज्य उभें करणारांस ती सावली केव्हां सरकेल हें सांगतां येत नाहीं.

२६ जुलै १९६५ रोजीं मालदीव स्वतंत्र झालें, १९६८ सालीं सुलतानी जाऊन प्रजासत्ताक आलें, आणि १९७६ सालीं इंग्रजांनीं गान सोडलें. दुसऱ्याच वर्षीं सोव्हिएत रशियानें तो तळ वर्षास १० लाख डॉलर भाड्यानें मागितला. मासे व पर्यटक यांवर जगणाऱ्या देशास ही रक्कम थोडी नव्हती. नासिर यांनीं ती नाकारली. दक्षिणेस चागोस बेटांतील दिएगो गार्सिया येथें तळ देण्याकरितां इंग्रजांनीं तेथील सगळी प्रजाच उठवून बाहेर काढली होती. ही शेजारची गोष्ट ताजी असतां मालेच्या सरकारनें दाखविलेला हा ताठा कौतुकास पात्र आहे.

परंतु साम्राज्यें गेलीं म्हणून समुद्र निर्धास्त झाला नाहीं. उलट, इंग्रजी व फ्रेंच पहारा उठल्यावर भाडोत्री शिपायांचें पेंव फुटलें. १९७८ सालीं बॉब देनार या फ्रेंच साहसी माणसानें मूठभर सोबत्यांसह कोमोरोस बेटांचें सरकार उलथविलें. १९८१ च्या नोव्हेंबरांत माइक होअर हा प्रवाशांच्या वेषांत आपली टोळी घेऊन सेशेल्सला उतरला. सामानांत वरती खेळणीं आणि खालीं बंदुका! एकाची बंदूक जकातीच्या तपासणींत सांपडली, गोळीबार झाला, आणि टोळी एअर इंडियाचें विमान पळवून दरबानला निसटली. सेशेल्सचें राज्य त्या दिवशीं वांचलें तें एका जकात-शिपायाच्या चौकसपणामुळें. १९८३ सालीं कॅरिबियन समुद्रांतील ग्रेनेडावर अमेरिकेनें सैन्य उतरविलें, तेव्हां राष्ट्रकुलानें लहान राज्यांच्या दुबळेपणाची चौकशी करविली व १९८५ सालीं तिचा अहवाल प्रसिद्ध केला. अहवाल उत्तम होता. पण अहवालानें दारास कडी बसत नाहीं.

आतां पुन्हां मालेकडे वळावें. हल्लेखोरांनीं शहरांतील महत्त्वाच्या जागा घेतल्या, मात्र दोन मोठ्या चुका केल्या. राष्ट्रीय सुरक्षा दलाचें ठाणें त्यांच्या हातीं पडलें नाहीं, आणि शेजारच्या हुलहुले बेटावरील विमानतळ त्यांनीं ताब्यांत ठेवला नाहीं. अध्यक्ष मौमून अब्दुल गयूम घरें बदलीत लपून राहिले. टेलिफोन चालू होता, आणि त्या दिवसाचा खरा सेनापति तो टेलिफोनच म्हटला पाहिजे. श्रीलंका, पाकिस्तान, सिंगापूर, अमेरिका, ब्रिटन व हिंदुस्थान अशा कितीतरी दारांवर मालेनें थाप मारली. सहानुभूति पुष्कळांनीं दाखविली. त्याच रात्रीं पोहोंचण्याची तयारी एकट्या दिल्लीनें दाखविली.

पंतप्रधान राजीव गांधी यांनीं होकार दिल्यावर ब्रिगेडियर फारुख बुलसारा यांच्या हुकमतीखालील छत्रीसैनिक आग्र्याहून मोठ्या आय. एल. ७६ विमानांतून निघाले. मजल २,००० किलोमीटरांहून अधिक. हातांत पर्यटकांसाठीं छापलेले नकाशे, असें सांगतात. हुलहुलेची धावपट्टी कोणाच्या हातीं आहे याची निघतांना खात्री नव्हती. खालून ठरलेला सांकेतिक शब्द आला तरच उतरावयाचें, नाहीं तर उड्या घ्यावयाच्या. शब्द आला, आणि रात्रीं साडेनऊच्या सुमारास विमानें उतरलीं. तेथून मिळतील त्या होड्यांनीं सैनिक मालेस गेले, व उत्तररात्रीं अध्यक्ष सुखरूप हातीं लागले.

लुथुफी व त्याचे साथीदार ‘प्रोग्रेस लाइट’ नांवाचें जहाज पळवून, एका मंत्र्यासह अनेकांना ओलीस धरून श्रीलंकेकडे निघाले. ‘गोदावरी’ व ‘बेतवा’ या भारतीय युद्धनौकांनीं त्यांना समुद्रांत गांठलें. यांतील ‘गोदावरी’ ही मुंबईच्या माझगांव गोदींत बांधलेली. ओलिसांतील कांहींजण प्राणांस मुकले. ६ नोव्हेंबरास जहाज शरण आलें. मालेंत खटला होऊन फांशीच्या शिक्षा झाल्या होत्या, त्या १९८९ सालीं जन्मठेपेंत बदलण्यांत आल्या.

एवढ्यावर गोष्ट संपली असती तर ती केवळ शौर्यकथा ठरली असती. तिचा अवघड भाग पुढें आहे. त्याच दिवसांत श्रीलंकेंत भारतीय शांतिसेना होती. तीही तेथील सरकारच्या संमतीनेंच गेली होती, आणि १९९० च्या मार्चपर्यंत तिला तेथून पाय काढतां आला नाहीं. मालेंत मात्र बहुतेक सैन्य थोड्याच दिवसांत परतलें, मागें राहिलेली लहान तुकडीही वर्षभरानें गेली. येण्याच्या शौर्यापेक्षां जाण्याचा हा शहाणपणा इतिहासांत अधिक दुर्मिळ आहे. मालेच्या सरकारनेंही या रात्रीचा धडा आपल्या पद्धतीनें जगापुढें मांडला: मालदीवच्या पुढाकारानें संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनें डिसेंबर १९८९ मध्यें लहान राज्यांच्या संरक्षणाचा ठराव केला. ठरावानें विमानें उडत नाहींत हें मालेस ठाऊक होतें. पण मदतीस येणाऱ्यावर जगाची दृष्टि राहावी, एवढा उपयोग त्याचा खचित आहे.

पुढें संकटांचें रूप पालटलें. ४ डिसेंबर १९१४ नव्हे, २०१४ रोजीं समुद्राचें पाणी गोडें करणाऱ्या यंत्रालयास आग लागली आणि लाखभर वस्तीच्या मालेंत पिण्यास पाणी उरलें नाहीं. विमानांनीं व नौकांनीं भारतांतून पाणी गेलें. फेब्रुवारी २०१८ मध्यें अध्यक्ष यामीन यांनीं आणीबाणी पुकारली, तेव्हां माजी अध्यक्ष नशीद यांनीं भारतानें सैन्य धाडावें अशी जाहीर विनंति केली. दिल्लीनें सैन्य धाडलें नाहीं, आणि तें योग्यच झालें. १९८८ ची हांक राज्य चालविणाऱ्या सरकारची होती, ही त्याच्या विरोधकांची होती. हा फरक पुसला गेला तर कोणत्याही लहान देशांतील भांडण शेजाऱ्याच्या पलटणीनेंच मिटवावयाचें, असा पायंडा पडेल.

२०२३ सालीं मोहम्मद मुइझ्झू अध्यक्ष झाले ते परकी सैनिक घालविण्याचें वचन देऊन. त्या वेळीं तेथें भारतीय सैनिक ऐंशीच्या आसपास होते, आणि त्यांचें काम भेट दिलेलीं हेलिकॉप्टरें व एक विमान चालविण्याचें, दूरच्या बेटांवरून आजारी माणसें मालेस आणण्याचें. संख्या पुन्हां ऐंशीचीच. या वेळीं ती जनतेस भिवविण्यास पुरेशी ठरली! १० मे २०२४ पर्यंत ते सैनिक परत आले व त्यांच्या जागीं बिनलष्करी तंत्रज्ञ गेले. त्याच वर्षीं मालेनें चीनशीं लष्करी साह्याचा करार केला, आणि त्याच वर्षीं ऑक्टोबरांत परकी चलनाच्या तुटवड्यामुळें भारताकडून ४० कोटी डॉलर व ३,००० कोटी रुपयांच्या चलन-विनिमयाची सोय पत्करली.

२५ जुलै २०२५ रोजीं, स्वातंत्र्याच्या साठाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशीं, मालेंत एका नव्या अनेकमजली इमारतीचें उद्घाटन झालें. ती मालदीवच्या संरक्षण मंत्रालयाची इमारत. भारताच्या साह्यानें बांधलेली. उद्घाटनास अध्यक्ष मुइझ्झू आणि भारताचे पंतप्रधान शेजारीं-शेजारीं उभे होते.