आडवा ‘र’ आणि संगणकाची नागरी

‘आचार्यांना बोलवा’ म्हटले तर गुरुजी येतात. ‘आचाऱ्यांना बोलवा’ म्हटले तर स्वयंपाकी. लिहिताना हा फरक ‘र’च्या एका खुणेवर उभा आहे: एकीकडे रफार, दुसरीकडे आडवा र. प्रमाण हिंदीत या फरकाची गरज पडत नाही. म्हणूनच नागरी संगणकात शिरली तेव्हा तिच्यासोबत हा मराठी ‘र’ कसा आला, हे तपासण्याजोगे आहे.

खिळ्यांच्या काळात प्रश्न सोपा होता. अक्षर हवे, तर साचा घडवायचा आणि केसमध्ये त्याला खण द्यायचा. संगणकाला मात्र आकार नव्हे, क्रमांक लागतो. १९९१ साली भारतीय मानक ब्यूरोने ‘इस्की’ ही संकेतप्रणाली प्रमाण ठरवली. त्याच वर्षी युनिकोडची पहिली आवृत्ती निघाली. तिच्यातला नागरीचा तक्ता इस्कीच्या १९८८च्या रूपावर बेतलेला होता. द्राविडी भाषांतल्या एका उच्चारासाठी ठेवलेला, खाली टिंब असलेला ‘ऱ’ आपल्या कामी आला. त्याचा पाय मोडून ‘य’ जोडला, की आडवा र उमटतो.

प्रमाण आले, तरी डीटीपीच्या दुकानांत वेगळीच वाट रुळली. रोमन अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवलेले फाँट वापरात आले. पडद्यावर मराठी, संगणकाच्या लेखी मात्र रोमन. त्यात प्रत्येक फाँटची मांडणी निराळी. फाँट बदलला की अग्रलेखाचा कचरा होई. विंडोज २०००सोबत सुलेखनकार र. कृ. जोशी यांचा ‘मंगल’ हा युनिकोड फाँट आला, पण छपाईच्या धंद्यातली जुनी सवय पुढे बरीच वर्षे टिकली.

महाराष्ट्र शासनाने ६ नोव्हेंबर २००९ रोजी मराठी वर्णमाला प्रमाणित करताना ‘ल’ आणि ‘श’ यांची मराठी वळणे नक्की केली. युनिकोडमध्ये मात्र मराठी ‘ल’ आणि हिंदी ‘ल’ यांचा क्रमांक एकच. वळण कोणते दिसणार, हे फाँट ठरवतो. पाटीवर एक ‘श’ गिरवणारे मूल मोबाइलवर दुसराच वाचते.

हे केवळ वळणाचे दुखणे नाही. त्या काळातले कितीतरी दिवाळी अंक अशाच फाँटांत जुळवले गेले. त्यांचा कागद ग्रंथालयांत आहे. पण एखादा शब्द शोधावा, तर त्या फायली मुक्या आहेत. त्या युनिकोडमध्ये आणताना रूपांतराच्या तक्त्यात आडव्या ‘र’ची नोंद चुकली, तर ‘दऱ्या’चा ‘दर्या’ होतो, डोंगरकपारीत समुद्र शिरतो. हे काम यंत्रावर सोपवता येईल. तपासायला मात्र मराठी जाणणारा डोळाच लागेल.