ताग (देवगडी)

कोकणात पूर्वी जाळी व दोर यांसाठी पिकवला जाणारा वाख. संस्कृतात शण, शास्त्रीय नाव क्रोटालारिया जुन्सिया. बंगालच्या ज्यूटलाही मराठीत ताग म्हणतात, त्यामुळे फार घोळ होतो. ज्यूट हे निराळे झाड. हा ताग शेंगवर्गीय, पिवळ्या फुलांचा, माणसाच्या डोक्यावर जाणारा. युरोपात जवसाच्या सालीतून लिनन काढतात. आपल्याकडे विदर्भात जवस पिकतो तो तेलासाठी, आणि सालीच्या वाखाचे काम कोकणात तागाने केले.

ब्रिटिश काळातील निर्यातीच्या व्यापारात तागाचे पांढरा, हिरवा आणि देवगडी असे तीन प्रकार धरत. देवगडी म्हणजे रत्नागिरी जिल्ह्याचा माल. देवगड 1981 पर्यंत याच जिल्ह्यात होते.

भात निघाल्यावर जमिनीतल्या ओलीवर ताग दाट पेरत. दाटीमुळे फांद्या फुटत नाहीत आणि काडी सरळ वाढते. कापलेल्या पेंढ्यांची पाने गळली की त्या संथ पाण्यात दगडांखाली दाबून ठेवत. पाण्यातले जीवाणू साल आणि काडी यांना जोडणारे पेक्टिन खातात. उबदार पाण्यात चार-सहा दिवस पुरतात, पण दिवस मोजून भागत नाही. बुडखा मोडून साल ओढायची. ती शेंड्यापर्यंत सळसळत सुटली की पेंढी बाहेर काढायची. एक दिवस जास्त झाला तरी वाख कुजतो आणि सगळी मेहनत पाण्यात जाते. मग हाताने सोलणे, पाण्यावर आपटून धुणे, उन्हात वाळवणे. उरलेल्या काड्या चुलीला.

या वाखात लिग्निन कमी, ओला झाल्यावर बळ वाढते आणि खाऱ्या पाण्यात तो बराच टिकतो. म्हणूनच तो मच्छीमारांचा. रत्नागिरीच्या रत्नदुर्ग किल्ल्याच्या पायथ्याचे मिरकरवाडा आणि आसपासची बंदरे येथील दालदी, खारवी या मच्छीमार समाजांच्या घरांत जाळ्याची निगा हे रोजचे काम होते. ऐनासारख्या झाडाच्या सालीच्या काढ्यात जाळे बुडवायचे, वाळवायचे, पुन्हा समुद्रात न्यायचे. ओले जाळे ढिगात राहिले तर सडलेच.

1960 नंतर नायलॉन आले आणि ही निगा संपली. हलक्या, न कुजणाऱ्या जाळ्याने मच्छीमाराचे कष्ट वाचले, हे मान्यच करायला हवे. मिरकरवाड्याच्या धक्क्यावर आज नायलॉनची जाळी पसरलेली दिसतात. ताग महाराष्ट्रात अजून पेरतात, हिरवळीच्या खतासाठी. फुलावर येताच, वाख पक्व होण्याआधी, तो नांगरून गाडतात.