बर्फाच्या आधी बंद झालेली वाट

रशियाच्या बर्फाने नेपोलियनचा पराभव केला, असे आपण शाळेपासून ऐकत आलो आहोत. इतिहास शिकवताना मीही कित्येक वर्षे हेच सांगत असे. परंतु तारखा ओळीने मांडल्या की हे उत्तर अपुरे वाटू लागते.

१४ सप्टेंबर १८१२ रोजी नेपोलियन मॉस्कोत शिरला. शहर जळाले, पण झार अलेक्झांडर तहाला तयार होईना. अखेर १९ ऑक्टोबरला सुमारे १ लाख सैन्यासह नेपोलियन बाहेर पडला. येतानाची स्मोलेन्स्कची वाट दोन्ही सैन्यांनी उजाड केली होती. तिच्यावर ना दाणा उरला होता, ना वैरण. म्हणून त्याने दक्षिणेला कालुगाची वाट धरली. तिकडचा मुलूख अजून शाबूत होता.

या वाटेवर लुझा नदीकाठी मालोयारोस्लावेत्स हे लहानसे गाव आहे. २४ ऑक्टोबरला तेथे नेपोलियनचा सावत्र मुलगा यूजीन आणि रशियन सेनापती दोख्तुरोव यांची गाठ पडली. दिवसभरात गाव अनेकदा या हातातून त्या हातात गेले. लाकडी घरे पेटली आणि जखमी शिपाई आगीत सापडले. दोन्हीकडची मिळून १०,००० हून अधिक माणसे मेली वा जखमी झाली. रात्री गाव फ्रेंचांकडे राहिले. पण पलीकडे वृद्ध कुतुझोव मुख्य सैन्यानिशी कालुगाची वाट अडवून उभा होता.

दुसऱ्या दिवशी पहाटे कोसॅक स्वारांच्या हाती लागता लागता नेपोलियन थोडक्यात बचावला. सेनापतींशी खल करून २६ ऑक्टोबरला त्याने माघार घेतली, तीही त्याच उजाड वाटेने! दैवाचा खेळ असा, की त्याच वेळी कुतुझोवही दक्षिणेकडे मागे सरकत होता.

थोड्याच दिवसांत फ्रेंच सैन्य बोरोदिनोच्या रणांगणावरून गेले. ७ सप्टेंबरच्या लढाईतील प्रेते तेथे अजून उघड्यावर पडली होती. जोराचे बर्फ पडू लागले ते नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात. तोवर घोडे भुकेने कोसळू लागले होते. बर्फाने जे सैन्य गाठले, ते आधीच उपाशी होते.

'विजय कोणाचा?' या प्रश्नाला मुलांना एका शब्दात उत्तर हवे असते. आता मी त्यांना उलट विचारतो, "लढाई संपल्यावर कोण कोणत्या वाटेने गेले, ते आधी सांगा पाहू!"