एका उत्तरगीताची जन्मकथा

सवालास जवाब देण्याची रीत मराठी माणसास नवी नाही. कलगीवाले आणि तुरेवाले रात्र रात्र एकमेकांस पद्यातून अडवीत आले. अमेरिकेच्या ग्रामीण गीतांत १९५२ साली असाच एक जवाब दिला गेला. त्याची हकीकत आम्हांस मोठी मनोरंजक वाटते.

‘हॉंकी-टॉंक’ म्हणजे दक्षिणेकडील, विशेषतः टेक्सास भागातील, स्वस्त दारूचा गुत्ता. १९३३ साली अमेरिकेतील दारूबंदी उठली आणि तेलविहिरींवर राबणाऱ्या मजुरांच्या वस्त्यांभोवती असे गुत्ते वाढले. नाणे टाकताच तबकडी वाजविणारा जूकबॉक्स हा तेथला गवई. त्या गोंगाटात साधी गिटार ऐकू येईना, म्हणून विजेवर चालणारी गिटार आली. गीतांचा विषयही पालटला. आई, घर आणि देऊळ मागे पडून मद्य, बेइमानी व मोडलेला संसार पुढे आला.

याच परंपरेतले हँक थॉम्पसनचे ‘द वाइल्ड साइड ऑफ लाइफ’ हे गीत १९५२ मध्ये ‘बिलबोर्ड’ पत्राच्या यादीत १५ आठवडे अग्रस्थानी होते. संसार सोडून गुत्त्यात रमलेल्या स्त्रीविषयी पुरुषाने केलेली ही तक्रार. अशा बायका देवानेच तशा घडविल्या, असा तिचा रोख. लुइझियानातील क्राउली गावच्या जे. डी. मिलर याने ते ऐकले आणि उत्तर रचले: यात देवाला कशाला गोवता? बिघाडाचे मूळ पुरुषांतच शोधा. स्त्रीची बाजू मांडणारे हे गीत एका पुरुषाने लिहिले, हे विसरून चालणार नाही.

चाल मात्र कोणाचीच नवी नव्हती. सवाल आणि जवाब यांची चाल एकच. आणि तीच चाल कार्टर कुटुंबाने १९२९ साली एका विरहगीतात, तर रॉय एकफने १९३६ साली एका भक्तिगीतात ध्वनिमुद्रित केली होती. विरह, भक्ती, तक्रार आणि प्रत्युत्तर हे चारही त्या एका चालीत सामावले. लोकगीताच्या चालीवर मालकी सांगणे किती कठीण, हे यावरून दिसते.

गाणारी किटी वेल्स. खरे नाव म्युरिएल डीसन. वय ३२, तीन मुलांची आई. तिच्या आधीच्या तबकड्या खपल्या नव्हत्या आणि गाणे सोडून घर पाहावे असा विचार तिच्या मनात घोळत होता. डेका कंपनीच्या पॉल कोहेन यांनी हे गीत पुढे केले, तेव्हा तिला त्याचे विशेष काही वाटले नाही. ध्वनिमुद्रणाचे ठरलेले १२५ डॉलर मिळतील एवढाच हिशेब. ३ मे १९५२ रोजी नॅशव्हिलमधील टुलेन हॉटेलातल्या कॅसल स्टुडिओत ते गीत मुद्रित झाले. तिच्या गाण्यात ना आक्रोश, ना आवेश. शेजारणीने ओट्यावर बसून हळूच खरे बोलावे तसा तो स्वर आहे. आमच्या मते त्याचे सारे सामर्थ्य या संयमातच आहे. तेच शब्द कोणी तावातावाने गायिले असते, तर ते भांडण ठरले असते.

एन्‌बीसी या आकाशवाणी संस्थेने गीत आक्षेपार्ह ठरवून त्यावर बंदी घातली, आणि नॅशव्हिलच्या प्रसिद्ध ‘ग्रँड ओल ऑप्री’ कार्यक्रमातही आरंभी त्याला मज्जाव झाला. ज्यांनी स्वतः मनाईहुकूम काढले आहेत अशा आमच्या वाचकांस पुढचे सांगावयास नकोच! गीत पहिल्या क्रमांकावर गेले आणि सहा आठवडे तेथे राहिले. एकट्या गायिकेला त्या यादीत हा मान प्रथमच मिळत होता. बाईची तबकडी खपत नाही, ही कंपन्यांची पक्की समजूत होती. तिला या गीताने धक्का दिला. पुढे पॅट्सी क्लाइन, लोरेटा लिन अशा गायिका आल्या. १९७६ साली किटी वेल्सला ग्रामीण संगीताच्या सन्मानमंदिरात स्थान मिळाले.

मोडक्या संसारांची कैफियत मांडणाऱ्या या बाईचा स्वतःचा संसार मात्र १९३७ पासून एकाच पुरुषाशी झाला. तो जॉनी राइट, तोही गायकच. २०११ साली तो वारला, आणि पुढल्याच वर्षी, वयाच्या ९२ व्या वर्षी, तीही गेली.